आगगाडीच्या टपावरची नादिया

बोलपटांच्या पहिल्या दशकाविषयी बोलायचे म्हटले की मराठी रसिकाच्या डोळ्यांपुढे प्रथम प्रभातची तुतारी उभी राहते. १९३६ हे वर्ष तर प्रभातच्या वैभवाचे वर्ष होय. ‘संत तुकाराम’ आणि ‘अमर ज्योती’ हे दोन्ही बोलपट त्याच वर्षाचे. एकात विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम, तर दुसऱ्यात दुर्गाबाई खोटे यांची समुद्रावर सत्ता गाजवणारी सौदामिनी. या दोन्ही चित्रपटांवर आजवर पुष्कळ लिहिले गेले व ते योग्यच झाले. परंतु त्याच १९३६ साली मुंबईत, परळच्या वाडिया मूव्हिटोनमध्ये, आणखी एक बोलपट तयार झाला होता. त्याचे नाव ‘मिस फ्रंटियर मेल’. रेल्वेवरील घातपाताची ती एक गूढकथा होती. सुशिक्षितांच्या दिवाणखान्यात अशा देमारपटांचे नाव सहसा निघत नसे. पण पिटात बसणाऱ्या प्रेक्षकाला त्यांची नायिका घरच्या माणसासारखी माहीत होती. सोनेरी केसांची, निळ्या डोळ्यांची, मोडके हिंदी बोलणारी आणि धावत्या आगगाडीच्या टपावर गुंडांना लोळवणारी ती नायिका म्हणजे नादिया. लोक तिला ‘फिअरलेस नादिया’ म्हणत. तिच्या जीवनाची ओळख करून देण्याचा हा अल्प प्रयत्न आहे.

नादियाचे मूळ नाव मेरी अ‍ॅन इव्हान्स. तिचा जन्म ८ जानेवारी १९०८ रोजी ऑस्ट्रेलियातील पर्थ या शहरी झाला. वडील ब्रिटिश सैन्यात होते व आई ग्रीक होती. वडिलांच्या नोकरीमुळे मेरी बालपणीच, १९१३ च्या सुमारास, मुंबईला आली. पण पहिले महायुद्ध पेटले आणि १९१५ मध्ये या शिपाईगड्याला लढाईत मरण आले. सात वर्षांची मुलगी आणि तिची आई परक्या देशात एकट्या पडल्या. मायदेशी परतावे तर तेथे तरी कोणाचा आधार होता? मायलेकी हिंदुस्थानातच राहिल्या. पुढे आयुष्यभर या मुलीला स्वतःच्याच बळावर उभे राहावे लागले. त्याचा पहिला धडा तिला इतक्या कोवळ्या वयात मिळाला.

१९२२ मध्ये मायलेकी पेशावरला गेल्या. वायव्य सरहद्द प्रांतातील ते ठाण्याचे गाव. भोवती उघडे डोंगर, छावण्या, घोडे आणि बंदुका. शहरातल्या मुलीला जे शिकायला मिळाले नसते ते मेरीला येथे मिळाले. ती घोड्यावर बसायला शिकली, नेम धरायला शिकली, शिकारीला जाऊ लागली, गळ टाकून मासे धरू लागली. पुढे पडद्यावर तिला घोडा उधळताना पाहून लोकांना जे नवल वाटले, त्याचे मूळ या सरहद्दीवरच्या दिवसांत आहे. कोणत्याही नाट्यशाळेत तिने अभिनयाचे शिक्षण घेतलेले नव्हते. तिची शाळा म्हणजे पेशावरची मोकळी हवा.

१९२८ मध्ये ती मुंबईला परतली तेव्हा तिच्याबरोबर तिचा लहानगा मुलगाही होता. पोट भरणे भाग होते. तिने आर्मी अँड नेव्ही स्टोअर्स या मोठ्या दुकानात विक्रेतीचे काम केले. लघुलेखन आणि टंकलेखन शिकून घेतले. मग शरीराचा स्थूलपणा कमी व्हावा म्हणून अस्ट्रोवा नावाच्या एका रशियन नृत्यशिक्षिकेकडे ती बॅले शिकू लागली. अस्ट्रोवाबाईंचे पथक गावोगाव फिरत असे. कधी गोऱ्या सोजिरांपुढे, कधी संस्थानिकांपुढे, तर कधी लहान गावांतील साध्या प्रेक्षकांपुढे खेळ होत. मेरी त्या पथकात सामील झाली. तिने काही काळ झारको सर्कशीतही काम केले. कोलांट्या, उड्या, तोल सांभाळणे हे सारे ती तेथे शिकली. याच सुमारास एका आर्मेनियन ज्योतिषिणीने तिला न या अक्षराने सुरू होणारे नाव घेण्याचा सल्ला दिला, आणि मेरी इव्हान्सची नादिया झाली. भविष्यावर कोणाचा विश्वास असो वा नसो, ते नाव मात्र पुढे खरोखरच सर्वतोमुखी झाले.

नादियाच्या आयुष्याला वळण देणारे गृहस्थ म्हणजे जमशेद बोमन होमी वाडिया, म्हणजेच जे. बी. एच. वाडिया. मुंबईला गलबते बांधून कीर्ती मिळवलेल्या प्रसिद्ध पारशी वाडिया घराण्यात त्यांचा जन्म १९०१ साली झाला. उच्च शिक्षण घेतलेल्या या तरुणाने बँकेतील नोकरी सोडून चित्रपटाची वाट धरली तेव्हा घरच्यांना धक्काच बसला असेल. १९२८ पासून ते मूकपट काढू लागले. त्यांचा धाकटा भाऊ होमी हाही त्यांच्याबरोबर आला. अमेरिकेतील साहसी मालिकापट आणि डग्लस फेअरबँक्सचे चित्रपट ही दोघा भावांची आवड. १९३२ साली त्यांनी ‘तूफान मेल’ नावाचा मूकपट काढला; आगगाडीचे वेड असे पूर्वीपासूनचेच होते. १९३३ मध्ये त्यांनी वाडिया मूव्हिटोन ही संस्था स्थापन केली आणि परळ येथील लवजी कॅसल या घराण्याच्या जुन्या वाड्यात स्टुडिओ थाटला.

लाहोरच्या रीगल थिएटरचे व्यवस्थापक इरच कांगा यांनी नादियाचे नृत्य पाहिले होते. त्यांनी तिची वाडियांशी गाठ घालून दिली. वाडियांनी तिला आधी ‘देश दीपक’ या चित्रपटात एका दासीचे छोटेसे काम दिले, मग ‘नूर-ए-यमन’ मध्ये राजकन्येचे. दोन्ही चित्रपट १९३५ चे. प्रेक्षकांना ती आवडली हे पाहून तिला नायिका करण्याचे ठरू लागले. त्या वेळी वाडियांनी एक सूचना केली. नाव बदलून नंदादेवी ठेवावे व सोनेरी केसांवर काळ्या वेणीचा टोप घालावा, म्हणजे लोकांना ती इथलीच वाटेल. ही सूचना तशी वावगी नव्हती; त्या काळी अनेक अँग्लो-इंडियन व ज्यू नट्यांनी हिंदू नावे घेतली होती. परंतु नादियाने साफ नकार दिला. आपण नंदादेवी नाही, आणि नसताना तसे भासवणे आपल्याला जमणार नाही, अशी तिची भूमिका होती. कामाची गरज असलेल्या, एका मुलाची जबाबदारी असलेल्या बाईने निर्मात्याला असा नकार देणे ही सोपी गोष्ट नव्हे. वाडियांचाही मोठेपणा असा की त्यांनी तो नकार मानला आणि तिला आहे त्या रूपातच पडद्यावर उभे केले.

त्याच १९३५ साली ‘हंटरवाली’ पडद्यावर आला. दिग्दर्शक होमी वाडिया अवघे चोवीस वर्षांचे होते. दुष्ट प्रधानाने राजाला बंदीत टाकले आहे. राजकन्या माधुरी मुखवटा चढवून, हाती चाबूक घेऊन गोरगरिबांचे रक्षण करते, अशी ही कथा. चित्रपट तयार झाला, पण वितरक पुढे येईनात. गोरी बाई चाबूक घेऊन पुरुषांना बडवते हे लोकांना कसे रुचावे, अशी त्यांना भीती होती. अखेर वाडिया बंधूंनी आपल्या भागीदाराच्या साहाय्याने ग्रँट रोडवरील सुपर सिनेमात तो स्वतःच लावला. पाहता पाहता चित्रपट पंचवीस आठवड्यांपेक्षाही अधिक चालला. बाजारात हंटरवालीच्या नावाचे चाबूक, पट्टे आणि काड्यापेट्या निघाल्या. वाडियांना त्यातून एक पैही मिळत नव्हती, कारण कोणी परवानगी विचारलीच नव्हती! एका रात्रीत नादिया साऱ्या हिंदुस्थानची झाली.

यानंतर काय, हा प्रश्न होता. राजकन्या आणि मुखवटे पुन्हा आणता आले असते. पण वाडियांनी या वेळी नायिकेला राजवाड्यातून काढून आगगाडीवर आणले. आणि गाडीही निवडली ती साधीसुधी नव्हे.

फ्रंटियर मेल ही बॉम्बे बरोडा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेची अभिमानाची गाडी. १ सप्टेंबर १९२८ रोजी ती सुरू झाली. विलायतेहून टपालबोट मुंबईच्या बॅलार्ड पियरला लागली की त्यातील उतारू तेथूनच या गाडीत बसत आणि बडोदे, रतलाम, मथुरा, दिल्ली, लाहोर असे करीत थेट पेशावर गाठत. १९३४ मध्ये या गाडीला बर्फाच्या लाद्यांनी थंड ठेवलेला डबा जोडण्यात आला, तेव्हा त्याचे कोण अप्रूप! येथे एक योगायोग मनात आल्यावाचून राहत नाही. नादिया सरहद्दीवरून मुंबईला परतली ते सालही १९२८ च. जी गाडी पेशावर आणि मुंबई यांना जोडीत होती तिचेच नाव पुढे या पेशावरात वाढलेल्या मुलीला पडद्यावर मिळाले.

अशा गाडीचे त्या काळच्या सामान्य माणसाला किती आकर्षण असेल हे समजून घ्यायचे तर माळव्यातील धार आणि देवास या दोन मराठी संस्थानांकडे पाहावे. दोन्हीकडे पवारांचे राज्य. देवासात तर एकाच गावात थोरली पाती आणि धाकटी पाती अशी दोन राज्ये नांदत होती. बेळगावजवळच्या सुळेभावी येथे जन्मलेले कुमार गंधर्व १९४८ मध्ये याच देवासला राहायला गेले, त्यामुळे हे नाव आपल्याकडील मराठी आणि कानडी वाचकांना परिचयाचे आहे. १९३६ साली या दोन्ही राजधान्यांत आगगाडी पोहोचलेली नव्हती. धारच्या माणसाने सडकेने महू गाठावे, तेथून लहान रुळांच्या गाडीने रतलामला यावे, आणि मग मोठ्या रुळांची गाडी धरावी. देवासच्या माणसाने इंदूर किंवा उज्जैनला जावे. उज्जैनहून नागद्याला मुख्य मार्ग मिळे. म्हणजे फ्रंटियर मेल माळव्यातून धडधडत जात होती, पण धार-देवासच्या वेशीवर तिची शिटी ऐकू येत नव्हती. पुण्या-मुंबईचे पाहुणे, पत्रे, वर्तमानपत्रे, नाटकमंडळ्या आणि चित्रपटांचे डबे या सर्वांना रुळाची वाट संपली की पुढे मोटारीचा किंवा टांग्याचा आधार. अशा गावांतील माणसाला रूळ हे जगाशी जोडणाऱ्या दोरीसारखे होते. तो दोर कोणी कापला तर काय होईल, ही कल्पनाच त्याला हादरवून टाकणारी होती. ‘मिस फ्रंटियर मेल’ ची कथा नेमकी याच भीतीवर उभी आहे.

सविता नावाची एक आधुनिक तरुणी. शिकारीची शौकीन, व्यायामाने शरीर कमावलेली, वेगाची आवड असलेली. म्हणून लोक तिला मिस फ्रंटियर मेल म्हणतात. तिचे वडील रेल्वेत स्टेशनमास्तर. एके दिवशी स्टेशनावर खून होतो आणि आळ या निरपराध गृहस्थावर येतो. दुसरीकडे रेल्वेवर घातपात सुरू होतात. पूल उडवले जातात, गाड्या धोक्यात येतात. या सर्वांमागे एक मुखवटाधारी माणूस असतो. तो स्वतःला सिग्नल एक्स म्हणवतो. त्याला हे सारे करायला लावणारे लोक विमानांची कंपनी काढू पाहत असतात. रेल्वेवरचा लोकांचा विश्वास उडाला म्हणजे विमानांचा धंदा चालेल, असा त्यांचा हिशेब. रेल्वेच्या अध्यक्षांचा मुलगा सुंदर सत्याचा शोध घेऊ लागतो, सविता वडिलांवरील कलंक धुऊन काढण्यासाठी पुढे सरसावते आणि दोघांची गाठ पडते. पाठलाग होतात, मारामाऱ्या होतात, आणि अखेर मुखवटा गळून पडतो. त्याखालचा चेहरा परक्याचा नसतो. सविताचा सख्खा चुलताच तो निघतो.

सरदार मन्सूर हा सुंदर झाला होता, सयानी आतिशने खलनायक रंगवला होता आणि कसलेल्या शरीराचा जॉन कावसही या चित्रपटात होता. कथा जे. बी. एच. वाडियांची, दिग्दर्शन होमींचे. संगीत मास्टर महंमद यांचे.

आज या कथेकडे पाहिले तर ती भाबडी वाटेल. पण ती हवेतून आलेली नव्हती. १९३२ च्या ऑक्टोबरात जे. आर. डी. टाटांनी कराचीहून मुंबईला टपालाचे विमान आणले होते. आकाशातून टपाल येते हे लोकांनी नुकतेच पाहिले होते. तेव्हा उद्या विमान आणि आगगाडी यांची चढाओढ लागेल, हा विचार त्या काळी ताजा होता. या कथेत लक्षात घेण्याजोगी आणखी एक गोष्ट आहे. घातपात करणारा येथे कोणी देशभक्त क्रांतिकारक नाही, तो नफ्यासाठी विकला गेलेला माणूस आहे. सहा वर्षांनी, १९४२ च्या आंदोलनात, परक्या सत्तेला खीळ घालण्यासाठी देशात ठिकठिकाणी रूळ उखडले गेले, तारा तोडल्या गेल्या. त्या घातपातामागे त्याग होता; सिग्नल एक्सच्या घातपातामागे थैली होती. कृती दिसायला सारखी, पण हेतू वेगळा. १९३६ च्या चित्रपटात पहिल्या प्रकारची गोष्ट सरकारी सेन्सॉरने कधीच चालू दिली नसती. म्हणून वाडियांनी दुसरी सांगितली, आणि तीत स्टेशनमास्तरासारख्या साध्या नोकरदाराची अब्रू पणाला लावली. रेल्वेचे मालक कोण हा प्रश्न बाजूला राहिला. रेल्वेने जाणारे-येणारे आणि तीवर राबणारे लोक आपले आहेत, हे मात्र प्रेक्षकाच्या मनावर ठसले.

या चित्रपटाचे खरे आकर्षण म्हणजे आगगाडीच्या टपावरील मारामारी. गाडी धावते आहे, खाली रूळ मागे पळत आहेत, आणि वर डब्याच्या टपावर नादिया गुंडांना उचलून फेकते आहे! त्या काळी आजच्यासारख्या तांत्रिक करामती नव्हत्या. नादियाच्या जागी दुसऱ्या कोणाला उभे करण्याची सोयही नव्हती. अशी कामे ती स्वतःच करीत असे. झुंबराला लोंबकळणे, घोडदौड, तलवारबाजी, उंचावरून उडी हे तिचे नेहमीचे काम. पुढे १९४२ च्या ‘जंगल प्रिन्सेस’ मध्ये तर तिने सिंहांबरोबर काम केले. पहिल्या भेटीत वाडियांनी तिला अशी कामे करशील का असे विचारले, तेव्हा कोणतीही गोष्ट एकदा तरी करून पाहायला आपली तयारी आहे असे तिने सांगितले होते. तो शब्द तिने तीस वर्षे पाळला. सर्कशीत मिळालेली तालीम आणि सरहद्दीवर मिळालेला निर्भयपणा येथे कामी आला. पण त्याहून मोठी गोष्ट म्हणजे सहकाऱ्यांवरचा विश्वास. धावत्या गाडीवर एकाचा पाय घसरला तर दोघे जातात. कॅमेऱ्यामागचे होमी, समोरचा मार खाणारा नट आणि नादिया यांचा मेळ जमलेला असल्याशिवाय असे प्रसंग होत नाहीत.

आगगाडी आणि शूर तरुणी ही जोडी अमेरिकेत याआधी लोकप्रिय झाली होती. १९१४ ते १९१७ या काळात ‘द हॅझर्ड्स ऑफ हेलन’ ही मूकपटमालिका तेथे गाजली. तिचे ११९ भाग निघाले. तीतील हेलन ही एका स्टेशनावरची तारबाबू होती व रोज नव्या संकटातून गाड्यांना वाचवीत होती. वाडियांना अशा मालिकांचे प्रेम होतेच. तरीही सविता ही हेलनची नक्कल नव्हे. हेलन तिचे काम म्हणून धावत जाते. सविता बापाच्या अब्रूसाठी धावते. संकटात सापडलेल्या कुटुंबाला मुलगा नव्हे तर मुलगी तारते, ही गोष्ट आपल्याकडील प्रेक्षकांना निराळीच वाटली असणार. मुलगी म्हणजे परक्याचे धन असे मानणाऱ्या समाजात पडद्यावरची ही मुलगी बापाचे कुळच सावरीत होती.

नादियाच्या उणिवाही सांगायला हव्यात. तिचे हिंदी कच्चे होते. संवाद रोमन लिपीत लिहून घेऊन ती पाठ करीत असे आणि उच्चारात इंग्रजी वळण डोकावत असे. वाडिया तिला बेताचीच भाषणे देत. करुण प्रसंगात दुर्गाबाई खोटे वा शांता आपटे यांच्यासारखा अभिनय तिच्याकडून होणे नव्हते. चित्रपटांची कथानकेही बहुधा एकाच साच्याची. स्वतः जे. बी. एच. वाडियांनाही आपण थोर सामाजिक चित्रपट काढावेत अशी ओढ होतीच. पण अभिनयाचे माप केवळ डोळ्यांतल्या अश्रूंनीच घ्यायचे काय? अंगाने बोलणे हाही अभिनयच आहे. नादिया कमरेवर हात ठेवून उभी राहिली की पिटातला हमाल, गिरणीकामगार आणि शाळा चुकवून आलेला पोरगा एकदम ताठ बसत. ते तिला पाहून रडले नाहीत, पण त्यांना धीर मात्र आला.

येथे एक अवघड प्रश्न उभा राहतो. देशावर गोऱ्यांचे राज्य असताना एका गोऱ्या बाईला लोकांनी आपली वीरांगना कशी मानले? याचे एकच एक उत्तर देता येणार नाही. वाडिया बंधूंचे चित्रपट जुलमी सत्तेविरुद्ध बोलत. राजा बंदीत आहे, दुष्ट प्रधान गादीवर आहे, प्रजा गांजली आहे, एवढे दाखवले की प्रेक्षक काय ते समजून घेई. सेन्सॉरला मात्र त्यात बोट ठेवायला जागा मिळत नसे. नादिया नेहमी गांजलेल्यांच्या बाजूने उभी राहिली. लोकांनी तिचा रंग पाहिला नाही, तिची बाजू पाहिली. आणि तिनेही काळा टोप घालून लोकांना फसवले नव्हते. आपण कोण हे उघड ठेवून ती त्यांच्यात आली होती. आपल्या नावासाठी दिलेला तो नकार हेच तिच्या लोकप्रियतेचे बळ ठरले असे मला वाटते.

‘मिस फ्रंटियर मेल’ नंतर ‘हरिकेन हंसा’, ‘लुटारू ललना’, ‘पंजाब मेल’ असे चित्रपट एकामागून एक आले. १९४० च्या ‘डायमंड क्वीन’ मध्ये मुंबईला शिकून आलेली तरुणी आपल्या गावातील जुलमी लोकांशी झगडते. स्त्रियांच्या शिक्षणाचा व स्वातंत्र्याचा विचार तीत उघड मांडला आहे. तिचा घोडा ‘पंजाब का बेटा’ आणि तिची जुनाट मोटार ‘रोल्स रॉइस की बेटी’ हेही लोकांचे लाडके झाले.

परंतु १९४० नंतर दोघा भावांच्या वाटा वेगळ्या झाल्या. थोरल्यांना प्रतिष्ठेचे चित्रपट हवे होते. ते मानवेंद्रनाथ रॉय यांच्या विचारांचे होते व त्यांचे मन अधिक गंभीर विषयांकडे ओढ घेत होते. १९४१ मध्ये त्यांनी ‘राजनर्तकी’ हा चित्रपट इंग्रजीतही काढला. होमींचा विश्वास मात्र देमारपटांवर आणि नादियावर होता. १९४२ मध्ये होमी बाहेर पडले आणि त्यांनी बसंत पिक्चर्स ही स्वतःची संस्था काढली. परळची वास्तू व्ही. शांतारामांकडे गेली व तेथे राजकमल कलामंदिर उभे राहिले. ज्या जागेवरून पुढे शांतारामांचे गाजलेले चित्रपट निघाले तेथेच आधी हंटरवालीचा चाबूक कडाडला होता, हे आज कितीजणांना ठाऊक असेल? बसंत पिक्चर्सच्या ‘हंटरवाली की बेटी’ ने १९४३ मध्ये पुन्हा गर्दी खेचली व नव्या संस्थेचा पाया पक्का झाला.

होमी आणि नादिया यांचे एकमेकांवर प्रेम होते, पण विवाह होण्याला फार वर्षे लागली. होमींच्या आईचा या विवाहाला विरोध होता. आईच्या हयातीत तिचे मन मोडायचे नाही असे होमींनी ठरवले, आणि नादियाने ते मानले. १९६१ मध्ये दोघे विवाहबद्ध झाले तेव्हा नादिया त्रेपन्न वर्षांची होती. पडद्यावर क्षणाचाही विलंब न लावणाऱ्या या बाईने स्वतःच्या आयुष्यात एवढी दीर्घ प्रतीक्षा निमूटपणे केली. टपावरून उडी मारण्यापेक्षा हे धैर्य कमी प्रतीचे नाही. १९६८ मध्ये ‘खिलाडी’ या चित्रपटात तिने अखेरचे काम केले आणि साठाव्या वर्षी निवृत्ती घेतली.

नंतर बराच काळ तिचे नाव मागे पडले. चित्रपटाच्या इतिहासात देमारपटांना कोपऱ्यातील जागा मिळते, तशी तिलाही मिळाली. १९९३ मध्ये जे. बी. एच. वाडियांचे नातू रियाद यांनी तिच्यावर एक माहितीपट काढला, तो परदेशी महोत्सवांतही दाखवला गेला आणि जगाला ही वृद्ध वीरांगना नव्याने दिसली. पुढे जर्मन लेखिका डोरोथे वेनर यांनी तिचे चरित्र लिहिले. ९ जानेवारी १९९६ रोजी, अठ्ठ्याऐंशीवा वाढदिवस झाल्याच्या दुसऱ्याच दिवशी, मुंबईत नादियाचे निधन झाले. त्याच वर्षी सप्टेंबरात फ्रंटियर मेलचे नाव बदलून गोल्डन टेंपल मेल असे ठेवण्यात आले. फाळणीनंतर ती गाडी अमृतसरपर्यंतच जात होती. सरहद्द तिच्या वाटेवर उरलीच नव्हती. नादियाने पेशावर सोडले त्या वर्षी हे नाव रुळावर आले आणि ती गेली त्या वर्षी ते उतरले.

नादियाच्या आयुष्यातून आपण काय घ्यावे? चाबूक आणि चाळीस गुंडांची मारामारी ही तर पडद्यावरची करमणूक. खरी गोष्ट निराळीच आहे. बाप गमावलेली, परक्या देशात वाढलेली, दुकानात माल विकणारी, एकट्याने मुलगा वाढवणारी एक स्त्री जे काम समोर आले ते शिकत गेली. टंकलेखन शिकली, बॅले शिकली, सर्कस शिकली, मोडकेतोडके का होईना हिंदीही शिकली. आपले नाव आणि आपले रूप लपवण्याची किंमत तिने कधी मोजली नाही, आणि तरीही ती येथलीच झाली. आपल्या सीमाभागात एकाच बाकावर दोन भाषा बसतात. कोण आतला आणि कोण बाहेरचा, हा वाद आपल्याला नवा नाही. माणूस कोठून आला यापेक्षा तो कोणाच्या बाजूने उभा राहिला हे पाहावे, एवढे जरी या निळ्या डोळ्यांच्या वीरांगनेने आपल्याला शिकवले तरी ती टपावर उगाच चढली नव्हती असे म्हणता येईल.